सुंदर सिनेमा कुणाच्या मालकीचा?

यंदाच्या वार्षिक आराखड्यातली आमची एक ओळ निधी देणाऱ्या संस्थेनं खोडली. ‘महिन्यातून एकदा चित्रपट’ एवढीच ती ओळ होती. बाकी सगळं मंजूर झालं. रक्तक्षयाची तपासणी, कौटुंबिक हिंसाचाराच्या कायद्याची माहिती, बचत गटांच्या हिशेबाचं प्रशिक्षण, सगळं. चित्रपटांच्या यादीसमोर मात्र समासात विचारलं होतं की यातून नेमका कोणता संदेश जाणार आणि तो गेला हे मोजणार कसं? निधी देणाऱ्यांनी असं विचारावं याचं मला नवल वाटलं नाही. मनाला लागलं ते पुढचं. आपल्याच मैत्रिणींच्या बैठकीत मी हे सांगितलं, तेव्हा एकदोघी सोडल्या तर सगळ्यांचं मत पडलं की खोडली ते बरंच झालं. “पाचाडच्या बायांना पाणी नाही आणि तू त्यांना आर्ट फिल्म दाखवणार?” एकीनं विचारलं आणि बैठक हसली. त्या हसण्याला उत्तर द्यावं म्हणून लिहिते आहे.

पाण्याचं खरं आहे. महाड-पोलादपूरच्या डोंगरांवर वर्षाला तीन हजार मिलिमीटरच्या वर पाऊस कोसळतो आणि एप्रिल-मे महिन्यांत त्याच डोंगरांतल्या वाड्यांवर टँकरची वाट बघावी लागते. त्यासाठी मोर्चे काढायलाच हवेत, आम्ही ते काढतोही. पण “आधी पाणी, मग बाकीचं” या वाक्यातल्या ‘आधी’वर माझा आक्षेप आहे. बाईच्या आयुष्यातलं हे ‘आधी’ कधी संपतं का? आधी घरच्या माणसांची ताटं, आधी सासूचं औषध, आधी लावणी, आधी मुलाची फी. तिच्या स्वतःच्या वाट्याचं जे काही असेल ते नेहमी ‘मग’मध्ये. घरानं तिला हेच सांगितलं, गावानं हेच सांगितलं, आणि आता बाईच्या हक्कांची भाषा बोलणाऱ्या आपणही तेच सांगायचं?

सुंदर सिनेमा म्हणजे मला काय म्हणायचं आहे तेही स्पष्ट केलेलं बरं. मोठ्या कंपन्यांच्या पैशावर, नटनट्यांच्या नावावर न चालणारा, थोड्या पैशात आणि आपल्या हट्टानं कुणीतरी काढलेला सिनेमा. ज्यात गोष्ट पुढे ढकलायची घाई नसते. खिडकीतून येणारा उजेड, पावसाचा आवाज, न बोलता बसलेल्या माणसाचा चेहरा यांच्यासाठी ज्यात वेळ असतो. शहरातले रसिक अशा सिनेमांसाठी जीव टाकतात. १९४७ साली सत्यजित राय आणि त्यांच्या मित्रांनी कलकत्त्यात फिल्म सोसायटी काढली, १९६८ मध्ये मुंबईत प्रभात चित्र मंडळ सुरू झालं. पुण्याचं राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४ चं. पी. के. नायर यांनी तिथं डबे गोळा करकरून ठेवले नसते तर आज आपल्याला कितीतरी सिनेमे फक्त नावानं माहीत राहिले असते. (ते संग्रहालय २०२२ मध्ये एनएफडीसीत विलीन झालं.) आता तर जपणाऱ्यांची नवी पिढी आहे. डागडुजी करून चकाचक केलेल्या प्रती, पुस्तिकेसकट खोक्यात मिळणाऱ्या डिस्क, मुंबईच्या चोरबाजारातून शोधून आणलेली जुनी पोस्टरं. या वेडाला मी नावं ठेवणार नाही. ते नसतं तर माझ्या यादीत लिहायला काही उरलंच नसतं.

पण या रसिकतेची दुसरी बाजूही आपल्याला माहीत आहे. फिल्म सोसायट्यांना सेन्सॉरपासून सवलत होती, तेव्हा सभासदांची गर्दी वाढली ती काही सगळी कलेच्या ओढीनं नव्हे. परदेशी सिनेमातली न कापलेली बाई बघायला मिळते म्हणून वर्गणी भरणारे कमी नव्हते, हे त्या चळवळीतली जुनी माणसंही हसत हसत सांगतात. आणि १९८१ चा ‘चक्र’ आठवा. जयवंत दळवींच्या कादंबरीवरचा, झोपडपट्टीवरचा गंभीर सिनेमा. झोपडपट्टीतल्या बाईला उघड्यावरच आंघोळ करावी लागते, म्हणून सिनेमात ते दृश्य होतं. जाहिरात करणाऱ्यांनी नेमकं तेच उचललं आणि आंघोळ करणारी स्मिता पाटील भिंतीभिंतींवर चिकटली. तिनं त्याबद्दल उघड नाराजी व्यक्त केली होती. न्हाणीघर नसणं ही त्या बाईची अडचण. तीच बघणाऱ्याची चैन झाली.

असल्या अनुभवांमुळे आपल्या चळवळीनं सौंदर्य या शब्दाकडेच पाठ फिरवली. अश्लील पोस्टरांना काळं फासलं, १९९६ मध्ये बंगलोरला विश्वसुंदरी स्पर्धेविरुद्ध बायका रस्त्यावर उतरल्या. ते सगळं योग्यच होतं. बाईचं शरीर विकायला काढणाऱ्या बाजाराला विरोध करायलाच हवा होता. पण बाजारानं सौंदर्य पळवलं म्हणून आपण ते त्याच्याच नावावर करून द्यायचं? घरातलं भांडं चोरीला गेलं तर बाई चोराला शिव्या देते. भांडंच वाईट होतं असं म्हणत नाही.

सौंदर्य बाजाराला सोडून दिल्यावर आपल्याकडे उरले ते प्रबोधनपर माहितीपट. मैत्रिणींनो, ते आपण सगळ्यांनी पाहिले आहेत. दारुड्या नवऱ्याची गोष्ट. पहिल्या दोन मिनिटांत नवरा मारतो, मधे एक ताई येते, शेवटी सगळ्या बाया हात उंचावतात. आवाज घोगरा, चेहऱ्यावर पांढराफटक उजेड, भाषा अशी की कुठल्याही गावातली नाही. आणि दिवा लागला रे लागला की प्रश्न: यातून आपण काय शिकलो? बाया शहाण्या असतात. त्यांना ठरलेलं उत्तर माहीत असतं, त्या ते देतात, आपण अहवालात लिहितो. ज्या गोष्टीत आपण स्वतः दहा मिनिटं बसणार नाही ती गावातल्या बाईला पुरेशी आहे असं मानणं, याला मी तरी सरळ अपमान म्हणेन.

दिसणं आणि बघणं हा हक्काचा प्रश्न आहे हे महाड तालुक्यात सांगावं लागू नये. डिसेंबर १९२७ च्या परिषदेत, जिथं मनुस्मृतीचं दहन झालं तिथंच, डॉ. आंबेडकर बायकांशी वेगळं बोलले होते. लुगडं कसं नेसा, जातीची खूण म्हणून लादलेले जड दागिने टाका, स्वच्छ नीटनेटक्या राहा, हे त्यांनी सांगितलं. चवदार तळ्याचं पाणी आणि लुगड्याचा घोळ, दोन्ही एकाच लढ्यात होतं. तिथं कुणी म्हटलं नाही की आधी पाणी मिळू दे, मग लुगड्याचं बघू.

गेली दोन वर्षं आम्ही पाचाड आणि आसपासच्या वाड्यांवर जमेल तसे सिनेमे दाखवतो आहोत. उसना प्रोजेक्टर, समाजमंदिराची भिंत, पांढरी चादर. त्यातला एक अनुभव सविस्तर सांगते, कारण माझा सगळा मुद्दा त्यात आहे. एका कातकरी वाडीवर आम्ही ‘जैत रे जैत’ लावला. १९७७ चा, जब्बार पटेलांचा, गो. नी. दांडेकरांच्या कादंबरीवरचा. ठाकरांची गोष्ट, तीही आपल्याच जिल्ह्यातल्या कर्नाळ्याच्या बाजूची. गाणी सगळ्यांना पाठ होती, सिनेमा बहुतेकींनी पाहिलेला नव्हता. नवऱ्याला सोडून आपल्या मनानं नाग्याकडे निघालेली चिंधी पडद्यावर आली तेव्हा मला वाटलं होतं की आता कुजबुज होईल. कुणी वाईट बोललं नाही, उलट मागच्या बाजूनं दोघीतिघी मोठ्यानं हसल्या आणि एकीनं “बरं केलं” असं जाहीर केलं. मधाच्या पोळ्याखाली धूर कसा करतात यावर सिनेमा चालू असतानाच वाद झाला, तो मिटवायला वेळ लागला. शेवटी चिंधी मरते तिथं पोरंसुद्धा गप्प झाली.

दिवा लागल्यावर मी काहीच विचारलं नाही. भांडी आवरता आवरता एक म्हातारी म्हणाली, “डोंगर आमच्या डोंगरासारखाच हाय. पर आमी त्येच्याकडं लाकडासाठी बघतो. असं नुसतं बघितलंच नाय कवा.” आणि दुसरी, वयानं माझ्याएवढी, म्हणाली, “ताई, ज्यांच्यावर काढला त्या लोकांना काय मिळालं?”

ही दोन वाक्यं मी शेजारी शेजारी ठेवते, कारण मला दोन्ही हवी आहेत. संग्राहक पहिलं वाक्य ऐकून डोळे पुसेल आणि दुसरं त्याला ऐकू जाणार नाही. आपली कार्यकर्ती दुसरं वाक्य वहीत टिपून घेईल आणि पहिल्याला ‘भाबडेपणा’ म्हणेल. पण त्या दोघी एकाच सतरंजीवर बसल्या होत्या. नुसतं बघण्याची फुरसत आणि मोबदल्याचा हिशेब, दोन्ही एकाच रात्री एकाच सिनेमानं जागं केलं. कुठल्या माहितीपटानं हे आजवर केलं?

रायगडावर ताक विकायला चढणाऱ्या बाया ओळखीच्या आहेत. पर्यटक त्यांचे फोटो काढतात. नऊवारी, डोक्यावर ओझं, मागं टकमक टोक. फोटो खरोखरच सुंदर येतो. त्यांतल्या एकीनं मला विचारलं होतं की या फोटोंचं पुढं काय होतं. मला सांगता आलं नाही, कारण ते कुठल्या घरात, कुणाच्या मोबाइलमध्ये जातात ते त्या बाईला किंवा मला कधी कळत नाही. आपल्या बायांचं सौंदर्य या डोंगरातून असं सतत बाहेर जातं. जिच्या नावानं गडावर बुरूज आहे आणि पायथ्याला वाडी आहे त्या हिरकणीचंही तेच. २०१९ मध्ये तिच्यावर मोठा देखणा सिनेमा आला, चांगला चालला. कडा उतरून बाळाकडे धावलेली आई सगळ्यांना आवडते. रोज दूध घेऊन गड चढणारी, दरवाजे बंद झाल्यावर कुणी दाद न दिलेली कष्टकरी बाई त्या कौतुकात कुठेतरी मागं राहते. बघितलं जाणं आपल्या बायांच्या वाट्याला भरपूर आलं. बघणारीची जागा त्यांना कोण देणार?

मला माझ्या बाजूनं साक्षीदार उभा करायचा झाला तर मी सुमित्रा भावेंना बोलावीन. त्या मुळात आपल्याच व्यवसायातल्या. टाटा इन्स्टिट्यूटमध्ये शिकलेल्या, पुण्याच्या कर्वे समाजसेवा संस्थेत शिकवलेल्या. सिनेमाचं शिक्षण घेतलेलं नव्हतं. वस्त्यांमधल्या बायकांवर संशोधन करताना त्यांच्या लक्षात आलं की हे सगळं ज्यांच्याबद्दल लिहितो त्यांना ते वाचता येत नाही. तेव्हा अहवालाऐवजी त्यांनी १९८५ मध्ये ‘बाई’ हा लघुपट केला. त्याला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. मग ‘पाणी’, गावातल्या बायांच्या पाण्यासाठीच्या धडपडीवरचा. पुढे सुनील सुकथनकरांबरोबर ‘दोघी’ (१९९५), ‘वास्तुपुरुष’, ‘देवराई’, ‘अस्तु’. २०१६ च्या ‘कासव’ला सुवर्णकमळ मिळालं. १९ एप्रिल २०२१ ला त्या गेल्या. समाजकार्यातली बाई सिनेमाकडे वळली आणि तिनं संदेशाची गोळी गुळात घोळून दिली नाही. ती सुंदर सिनेमा करत गेली, हे आपण नीट लक्षात घेतलेलं नाही.

‘दोघी’चंच घ्या. लग्नाला येणारं वऱ्हाड अपघातात सापडतं, गौरी अपशकुनी ठरते, मामा तिला मुंबईला नेतो आणि ती कुठल्या धंद्याला लागते ते घराला कळतं, पण कुणी बोलत नाही. हाच विषय आपल्या पथनाट्यात पंधरा मिनिटांत उरकतो आणि शेवटी घोषणा होते. ‘दोघी’मध्ये आईच्या, उत्तरा बावकरांच्या, चेहऱ्यावर कॅमेरा थांबतो आणि तिथं शरम आणि माया दोन्ही दिसतात. महानोरांची गाणी, आनंद मोडकांचं संगीत, अंजली मराठेंचा राष्ट्रीय पुरस्कार मिळालेला आवाज. या सगळ्याशिवाय तो प्रश्न सांगता आला असता का? आला असता, आकडेवारीत. पण आमच्याकडे तो बघून झाल्यावर एका आईनं आपली मुंबईला गेलेली मुलगी चार वर्षांत घरी का आली नाही ते पहिल्यांदा तोंडानं सांगितलं. ते तिनं कुठल्याही शिबिरात सांगितलं नव्हतं. ‘उंबरठा’ही आपण बाईच्या घर सोडण्याचा सिनेमा म्हणून सांगतो. पण तो मनात घर करून बसला तो स्मिताच्या डोळ्यांमुळे, हे मान्य करायला आपल्याला संकोच का वाटतो?

“हे सिनेमे संथ असतात, बायांना कळणार नाहीत” असं म्हणणाऱ्या रसिकांना आणि मैत्रिणींना एकत्रच सांगते. मणि कौल यांचा ‘उसकी रोटी’ (१९७०) फार अवघड म्हणून प्रसिद्ध आहे. त्यात काय आहे? बस चालवणाऱ्या नवऱ्याची भाकरी घेऊन एक बाई थांब्यावर उभी आहे आणि वाट बघते आहे. बस. पोलादपूरच्या बाईला यातलं काय कळणार नाही? इथल्या घरांतले पुरुष पिढ्यान् पिढ्या मुंबईला. गिरण्या होत्या तेव्हा गिरणीत, १९८२ च्या संपानंतर मिळेल तिथं. बायांनी मनीऑर्डरची, एस.टी.ची, गणपतीची वाट बघितली. वाट बघण्याचा वेळ किती लांब असतो हे समीक्षकापेक्षा त्यांना जास्त कळतं.

मे २०२४ मध्ये कान महोत्सवात दोन गोष्टी एकदम घडल्या. पायल कपाडियाच्या ‘ऑल वी इमॅजिन अ‍ॅज लाइट’ला ग्रां प्री मिळालं, आणि श्याम बेनेगलांच्या १९७६ च्या ‘मंथन’ची फिल्म हेरिटेज फाउंडेशननं दुरुस्त केलेली प्रत दाखवली गेली. पायलच्या सिनेमात छाया कदमनं केलेली पार्वती इस्पितळात स्वयंपाक करते. इतकी वर्षं राहिलेल्या खोलीचा एकही कागद तिच्यापाशी नाही, म्हणून बिल्डर तिला हुसकतो आणि ती रत्नागिरीकडच्या आपल्या गावी परतते. ही तर आपल्या घराघरातली गोष्ट. मुंबईतली खोली सुटलेल्या, कागद नसलेल्या पार्वती मी इथं बोटावर मोजण्याहून जास्त दाखवीन. आणि तो सिनेमा किती सुंदर आहे! निळसर पावसाळी मुंबई, आणि मग कोकणातला मोकळा उजेड. तो ऑस्करसाठी निवडला नाही. फिल्म फेडरेशनच्या समितीत तेरा जण होते, सगळे पुरुष, आणि भारतात घडणारा युरोपीय सिनेमा बघतोय असं त्यांना वाटलं, असं छापून आलं. (त्यांनी पाठवलेला ‘लापता लेडीज’ही बाईनंच केलेला होता, तो वाद वेगळा.) मला खटकलं ते ‘युरोपीय’. कोकणातली गरीब बाई सुंदर उजेडात दिसली की ती परदेशी वाटते. म्हणजे आपली म्हणून ओळखू यायला ती कळकटच दिसली पाहिजे का?

आणि ‘मंथन’. तो गुजरातच्या पाच लाख दूध उत्पादकांनी दोन-दोन रुपये घालून काढलेला सिनेमा. आपला सिनेमा बघायला ते ट्रक भरभरून आले होते. धारा काढणाऱ्या बायका आणि सभासदत्वाच्या कागदावर नावं बहुतेक पुरुषांची, हे खरंच. तरी पण गावातल्या माणसांच्या पैशातून देखणा सिनेमा निघू शकतो आणि ते त्याचे मालक असू शकतात, याचा हा पुरावा घडून गेलेला आहे. आमच्या बचत गटांतल्या बायांना मी हे सांगितलं तेव्हा त्यांनी लगेच हिशेब मांडला की आपल्या सगळ्या गटांनी मिळून दोन रुपये काढले तर किती होतील. उत्तर फार थोडं आलं, पण प्रश्न चुकीचा नव्हता.

म्हणून आम्ही खोडलेली ओळ सोडलेली नाही. गटांनी ठरवलं की महिन्याला घरटी पाच रुपये जमवायचे आणि सिनेमा लावायचा. आमचे काही नियम अनुभवातून झाले आहेत. आवाज चांगला हवा, उसना का होईना पण बरा स्पीकर आणायचा. घोगऱ्या आवाजात बायांना चांगला सिनेमा दाखवणं म्हणजे पाहुण्याला गळक्या कपातून चहा देणं. भाताची लावणी आणि कापणी सोडून तारीख धरायची. रात्रीची भाकरी त्या दिवशी पुरुषांनी करायची, यावर दोन वाड्यांत भांडण झालं आणि एकीनं ते जिंकलं. पुरुषांनी मागं बसायचं. संपल्यावर प्रश्न विचारायचे नाहीत. ज्यांना बोलायचं असेल त्या आपसूक थांबतात.

मुंबई-पुण्याच्या संग्राहकांनाही एक मागणं आहे. तुमच्या कपाटात जे आहे ते थोडे दिवस डोंगरात येऊ द्या. प्रत खराब होणार नाही, आमच्या बाया उसनं आणलेलं धुऊनपुसून परत करतात. पायलचा सिनेमा आम्हाला भिंतीवर रीतसर परवानगीनं दाखवायचा आहे, ती कशी काढायची हे कुणी सांगेल का? आणि ‘बाई’ व ‘पाणी’ या सुमित्राताईंच्या दोन लघुपटांची दाखवता येईल अशी प्रत आम्हाला अजून मिळालेली नाही. वाचकांपैकी कुणाकडे किंवा कुणा संस्थेकडे असेल तर संपादकांना कळवावं. ‘पाणी’ मार्चच्या आत मिळाला तर बरं, पुढं टँकर सुरू झाले की संध्याकाळी बाया मोकळ्या नसतात.